तेवीस शाली

"आणि आता ज्या क्षणाची आपण सगळे आतुरतेनं वाट पाहत होतो," पाध्ये सर माईकवर म्हणाले, "तो थरार. साक्षात मृत्यूच्या दाढेतून परत आलेल्या आपल्या दळवीबाईंच्या तोंडून."

आतुरतेनं वाट पाहणारे म्हणजे आठवीचे दोन वर्ग. शनिवारची शाळा सुटल्यावर त्यांना घरी न सोडता सभागृहात कोंबलं होतं, आणि शिपाई दाराशी स्टूल टाकून बसला होता. पुढच्या रांगेत लाँच दुर्घटना स्मृती समितीचे सहा सभासद, मधोमध अध्यक्ष म्हणजे आमचे हे, आणि त्यांच्या शेजारी तहसीलदारांची खुर्ची. तहसीलदार निघालेत असा निरोप आला होता. ते दरवर्षी निघतात.

माझा सत्कार आधीच उरकला होता. आमच्या पाटवण्यात शाल आधी देतात, भाषण नंतर. एकदा पांघरली की वक्त्याला पळून जायची सोय उरत नाही. ही माझी तेविसावी शाल. खाडीच्या काठी, सप्टेंबरातल्या उकाड्यात, पंखा बंद पडलेल्या सभागृहात बाईमाणसाला लोकरीची शाल का गुंडाळतात ते मला इतक्या वर्षांत कुणी सांगितलेलं नाही. घरी एक ट्रंक भरली आहे. डांबराच्या गोळ्या घालून जपून ठेवल्यात, न जाणो कधी हिमालयात बदली झाली तर.

ही गोष्ट नऊ वर्षांपूर्वीची. मी तेव्हा शाळेतून नुकतीच निवृत्त झाले होते, पण या एका कामातून मला निवृत्ती नव्हती. अठ्ठ्याहत्तर साली गौरी आणायच्या दिवशी आमच्या खाडीत लाँच उलटली. सतरा माणसं गेली. त्या लाँचवर मी होते, बावीस वर्षांची नवी सून, आणि मी वाचले. वाचले ते वाचले, वर मला बोलता येतं. झालं, समितीला आयती साक्षीदार मिळाली.

माझं भाषण अठरा मिनिटांचं असायचं. त्यात तीन जागा होत्या. "पाणी काळं होतं" म्हटलं की पोरं गप्प व्हायची. "देवीनंच तारलं" म्हटलं की टाळ्या पडायच्या. आणि या दोहोंच्या मध्ये "कुंदाचा हात माझ्या हातातून सुटला" असं एक वाक्य होतं. कुंदा माझी नणंद, पंधरा वर्षांची. ते वाक्य मी पहिल्या वर्षी बोलले तेव्हा मला पुढे बोलता आलं नव्हतं. सातव्या-आठव्या वर्षी लक्षात आलं की त्या वाक्याआधी जरा थांबलं की समोरच्या बायका पदर डोळ्यांना लावतात. मग मी थांबायला लागले. माणूस कशाकशात तरबेज होतो बघा.

त्या दिवशीही सगळं बेतानं झालं. काळं पाणी, शांतता. कुंदाचा हात, पदर. देवीनं तारलं, टाळ्या. मी पाण्याचा ग्लास उचलला.

"कुणाला काही विचारायचंय?" पाध्ये सर म्हणाले.

पहिल्या बाकावरच्या मुलानं ठरल्याप्रमाणे हात वर केला. "बाई, तुम्हाला पोहता येत होतं का?"

"नाही."

"मग तुम्हाला बाहेर कुणी काढलं?"

"एका देवमाणसानं," मी म्हणाले. हे उत्तरही ठरलेलं. देवमाणूस म्हटलं की नाव विचारत नाहीत.

"मला एक विचारायचं होतं."

आवाज मागून आला. शेवटच्या बाकावर, पोरींच्या रांगेच्या टोकाला, माझ्याहून दहा-बारा वर्षांनी लहान अशी एक बाई उभी होती. डोक्यावरून ओढणी, हातात कापडी पिशवी. गावातली नव्हती, पण चेहरा कुठंतरी बघितल्यासारखा वाटला.

"आपण?" पाध्ये सरांनी विचारलं.

"मी जुबेदा. इब्राहिम तांडेल होडेकरांची मुलगी. मुंब्र्याहून आलेय."

पुढच्या रांगेतले सहाच्या सहा सभासद एकदम मागे वळले. इब्राहिम होडेकर म्हणजे त्या लाँचचा तांडेल, ती चालवणारा. त्याच्यावर खटला झाला, दीड वर्ष आत गेला, सुटून आला तेव्हा गावात कुणी दारात उभं करेना, मग बायकोपोरं घेऊन तो कायमचा गेला. आमच्या जेटीवर संगमरवरी पाटी आहे. तिच्यावर सतरा नावं आणि खाली लिहिलंय, 'तांडेलाच्या बेपर्वाईमुळे प्राणास मुकलेल्यांच्या स्मरणार्थ'. जेटीला नाव मात्र माझ्या सासऱ्यांचं, कै. आप्पासाहेब दळवी. त्यांचा हार घातलेला फोटो तिथं स्टेजवरही होता, माझ्या डाव्या खांद्यामागे. दरवर्षी मी त्यांच्याकडे पाठ करूनच बोलायची.

"ताई, कार्यक्रमाला जरा उशीर होतोय," आमचे हे उठून म्हणाले.

"तहसीलदार अजून यायचेत," मी माईकवरच म्हणाले. "उशीर कसला? विचारा, जुबेदाताई."

का म्हणाले असेन? मला वाटतं, सवयीनं. ह्यांना टोमणा मारायची संधी मी लग्न झाल्यापासून सोडलेली नाही.

जुबेदा घसा साफ करून म्हणाली, "भांडायला नाही आले मी. अब्बा गेले गेल्या रमजानमध्ये. आयुष्यभर सांगायचे, मी बसा म्हणून सांगितलं होतं, तीनदा सांगितलं होतं. कोर्टात कुणी मानलं नाही. ठीक आहे. पण शेवटची चार-पाच वर्षं ते मलाच विचारायला लागले. रोज संध्याकाळी. जुबेदा, मी सांगितलं होतं ना गं? तू लहान होतीस, तुला काय माहीत. पण मी सांगितलं असेन ना? एवढी माणसं नाही म्हणतात, म्हणजे मीच विसरलो असेन." ती थांबली. माझ्यासारखी नाही, खरंच अडकून थांबली. "मी काय सांगणार त्यांना? मी तिथं नव्हते. तुम्ही होतात. तेवढंच विचारायचंय. त्यांनी सांगितलं होतं का?"

ह्यांनी माझ्याकडे बघून मान हलवली. हलवली म्हणजे अगदी थोडी, नवऱ्यानं बायकोला पाहुण्यांसमोर भाजीत मीठ जास्त झाल्याचं कळवावं तेवढी.

चौकशीला साहेब आले होते तेव्हाही मला हेच विचारलं होतं. अपघाताला आठ दिवस झाले होते. आदल्या दिवशी आप्पांनी मला ओटीवर बोलावलं. कुंदा गेल्यापासून ते कुणाशी बोलत नव्हते, दाढी वाढली होती. म्हणाले, "साहेब विचारतील. इंजिनाचा आवाज फार होता, तांडेल काही बोलल्याचं ऐकू आलं नाही. एवढंच सांगायचं." मी मान डोलावली. जायला वळले तेव्हा म्हणाले, "बाकीचंही कुणाला ऐकू आलेलं नाही. मी बघतो ते." हे बाकीचं काय ते लाँचवरून वाचलेल्यांनाच माहीत होतं, आणि खोताच्या शब्दाबाहेर त्यांतलं कुणी गेलं नाही. त्यानंतर बारा वर्षं आप्पा जगले, आणि त्या बाबतीत त्यांनी मला एका शब्दानं दुखवलं नाही. गावात बायका म्हणायच्या, सासरा असावा तर असा.

"बाई, सांगायचं नसेल तर..." पाध्ये सर हळूच म्हणाले.

"थांबा हो सर. मुलांनो," मी म्हणाले, "तुम्ही पुलावरून शाळेत येता, तुम्हाला एक गोष्ट माहीत नसेल."

आणि मी त्यांना दर्शनाची पाळी सांगितली. अठरा मिनिटांच्या भाषणात ती कधी नव्हती. खाडीच्या मध्यावर आलं की डोंगरावरचं वाघजाईचं देऊळ दिसतं, एकाच बाजूला. देऊळ दिसलं की पाटवण्याचा माणूस बसून राहील तर त्याला पाटवण्याचा कोण म्हणेल? सगळे उठायचे आणि त्या बाजूला जाऊन हात जोडायचे. तिकडे लाँच कलायची. मग इब्राहिम तांडेलानं नियम काढला. पलीकडे जाताना बायकांनी उठायचं, इकडे येताना बापयांनी. बाकीच्यांनी जागेवर बसून हात जोडायचे. देऊळ जवळ आलं की तो इंजिन मंद करायचा आणि ओरडायचा, "बायानू, उठा. बापयांनू, बसा." देवळात गुरवाला कधी रांग लावता आली नाही, ती आमच्या देवीची रांग चौदा वर्षं इब्राहिम होडेकरानं लावली. आणि लोकांनी ती पाळली. चौदा वर्षं लाँच कधी उलटली नाही.

पोरं ऐकत होती. पंधरा मिनिटांपूर्वी ऐकत होती त्याहून जास्त.

"त्या दिवशी माझा पहिला ओवसा होता. लग्नानंतरच्या गौरीला नवी सून माहेरची सुपं घेऊन सासरी येते. फळं, भाज्या, पानं भरलेली सुपं. माझं माहेर खाडीपलीकडे. आप्पा स्वतः न्यायला आले होते, कुंदाला घेऊन. लाँचवर माणसं जास्त होती हे खरं. सणाला ती नेहमीच असायची. आम्ही इकडे येत होतो, म्हणजे पाळी कुणाची?"

"बापयांची," दोन-चार पोरं म्हणाली.

"हुशार आहात. पण मी नवी नवरी, मला कुठली पाळी? देऊळ दिसलं तशी मी सूप घेऊन उठले. आप्पांना कौतुक वाटलं. म्हणाले, उठ, उठ, देवीला सूप दाखव. तेव्हा तांडेल म्हणाला, खोतानू, आज बापयांची पाळी. सुनबाईनं बसून हात जोडले तरी देवीला पोचतात." मी जुबेदाकडे बघितलं. "ही पहिली वेळ."

तिनं पिशवी खाली ठेवली.

"प्रमिला," आमचे हे खालून म्हणाले. चारचौघांत ते मला नावानं हाक मारत नाहीत. "पुरे झालं. आप्पांचा फोटो आहे तिथं."

"आहे ना. त्यांना ऐकू येऊ दे. आप्पा काही वाईट नव्हते हो. खोताला सगळ्यांसमोर कुणी बस म्हणालं तर राग येतो, तसा त्यांना आला असेल, पण त्यांनी तो गिळला. मला म्हणाले, बस गं, प्रमिला. खाली बस. तांडेलाचं ऐकावं. आणि ते स्वतःही टेकायला लागले. त्यांची पाळी असून. माझ्यासोबत म्हणून."

इथपर्यंत सोपं होतं. इथं मी सांगायची थांबले असते तर आप्पांनीही मला माफ केलं असतं आणि जुबेदाचंही काम झालं असतं. कुणीतरी पुढे उठलं, गर्दी झाली, लाँच कलली, असं म्हणून शाल सावरून घरी जाता आलं असतं. पण तिच्या बापानं रोज संध्याकाळी विचारलं होतं. आणि मी रोज संध्याकाळी काय करत होते? अंगणात खुर्ची टाकून लोकांना नावं ठेवत होते.

"मग सगळे का उठले?" एका मुलीनं विचारलं. "तुम्ही बसलात ना?"

"बसले. पण बसता बसता बोलले."

मला लहानपणापासून ही खोड आहे. जिभेला हाड नाही म्हणून आई रागवायची. लग्नाच्या आधी तिनं बजावलं होतं, वर्षभर तोंडाला कुलूप घाल, मग घराची रीत बघून उघड. मी सात महिने घातलं. आणि त्या दिवशी माहेराहून येताना, नवी पैठणी नेसून, सगळे माझ्याकडे बघत असताना मला वाटलं, एवढं एक बोलू या. सगळ्यांना कळू दे दळव्यांची सून मुकी नाही.

"मी म्हणाले," मी माईकमध्ये म्हणाले, "बसते हो आप्पा, बसते. या लाँचवरचे खोत होडेकर आहेत, हे मला माहेरी कुणी सांगितलंच नव्हतं."

सभागृहात हशा पिकला.

पोरं हसली. पाध्ये सर हसले. समितीतले दोघे हसले आणि मग ह्यांच्याकडे बघून त्यांनी तोंड रुमालात घातलं. दाराशी शिपाई हसला. वाक्य चांगलंच होतं. सदतीस वर्षांनी, मेलेल्या माणसाच्या फोटोपुढे म्हटलं तरी हसू येत होतं. मी माईक धरून उभी राहिले. हशा ओसरेपर्यंत वाट बघणं एवढंच मला करता येत होतं.

जुबेदा हसली नव्हती. आमचे हेही नव्हते. ते माझ्याकडे असे बघत होते की बहुतेक हे वाक्य त्यांनी पहिल्यांदाच ऐकलं होतं. एवढ्या वर्षांत आप्पांनी पोटच्या पोरालाही सांगितलं नव्हतं.

"असेच हसले," मी म्हणाले. "अख्खी लाँच. कुंदा तर पोट धरून हसली. आणि आप्पा अर्धे टेकलेले होते ते पुन्हा उभे राहिले. कानापर्यंत लाल झाले होते. म्हणाले, उठा रे सगळे. बाया, बापये, सगळे उठा. बघू कोण बसवतो. खोतानं सांगितलं, सण होता, देवी समोर होती. सगळे उठले आणि त्या बाजूला गेले."

आता सभागृहात कुणी हलत नव्हतं. माझं भाषण चालू असताना इतकी शांतता मी कधी ऐकली नव्हती, आणि या वेळी मी कुठंही मुद्दाम थांबले नव्हते.

"तांडेल ओरडला, बसा, लाँच कलतेय, बसा. ही दुसरी वेळ. तिसऱ्यांदा तो सुकाणू सोडून पुढे धावत आला, हात जोडून. वाघजाईची आण आहे तुमका, बसा. मग पाणी आलं. इंजिनाचा आवाज अजिबात नव्हता. देवळासमोर तो मंद करायचा. मला सगळं ऐकू आलं होतं. साहेबांना मी खोटं सांगितलं, कारण खरं सांगितलं असतं तर आप्पा कशामुळे उठले ते निघालं असतं."

मग मी त्या पहिल्या बाकावरच्या मुलाकडे वळले. "आणि तू मघाशी विचारलंस ना, मला कुणी काढलं? इब्राहिम तांडेलानं काढलं. वेणीला धरून. गळ्याला मिठी मारत होते तर ओरडला, खांदा धर, गळा नको. मला काठावर टाकलं आणि कुंदासाठी परत गेला. ती मिळाली नाही."

पाध्ये सरांनी आभार मानले नाहीत. त्यांना ते सुचलं नसावं. पोरं घंटा न होताच उठली आणि शिपायानं दार उघडलं. आमचे हे फोटोखाली उभे होते, हार सरळ करत होते. हार सरळच होता. मी खाली उतरले तेव्हा माझ्याकडे न बघता म्हणाले, "कुंदा हसली होती?"

"हो," मी म्हणाले. "खूप."

ते हारच सरळ करत राहिले. आम्ही आजही एका घरात राहतो, वेळच्या वेळी जेवतो. पण त्या दिवसापासून मी टोमणा मारला तर ते उत्तर देत नाहीत, आणि उत्तर नसलं की टोमण्यात काही राम राहत नाही.

जुबेदा फाटकाशी रिक्षाची वाट बघत उभी होती. मी गेले. माफी मागावी असं वाटत होतं, पण सदतीस वर्षांची माफी कुठल्या टोकानं मागायला सुरुवात करतात ते मला येईना. मी बावळटासारखी खांद्यावरची शाल काढून तिच्यापुढे धरली.

"नको हो बाई," ती म्हणाली. "मुंब्र्यात कुठली थंडी."

मी शाल परत घेतली. रिक्षा आली. ती आत बसली, मग बाहेर डोकं काढून म्हणाली, "तिसऱ्यांदा काय म्हणाले ते परत सांगा."

"वाघजाईची आण आहे तुमका, बसा."

"देवीची आण घातली?"

"घातली. हात जोडून."

तिनं ओढणीचं टोक तोंडावर धरलं. मला वाटलं रडतेय. रडतही होती, पण आधी हसली. "हे घरी कधी नाही सांगितलं त्यांनी," ती म्हणाली. "अम्मी रागावली असती ना. तीनदा सांगितलं म्हणायचे, पण तिसऱ्यांदा काय ते विचारलं की गप्प बसायचे. आम्हाला वाटायचं, आठवत नाही म्हणून गप्प बसतात."

रिक्षा गेली. मागे तहसीलदारांची जीप फाटकातून आत आली.

जेटीवरची पाटी अजून आहे तशीच आहे. बदलावी म्हणून मी तीन अर्ज दिलेत. ते समितीकडे विचाराधीन आहेत, आणि समिती दरवर्षी जमते. माझ्या जागी आता आपत्ती व्यवस्थापनाचे एक साहेब येतात, ते पडद्यावर चित्रं दाखवतात. मला चोविसावी शाल मिळाली नाही.